खडपी: कोकणातील समुद्रकड्यावर राहणाऱ्या एका कल्पित पिसांच्या प्राण्याचा निसर्गेतिहास कसा असावा?

कातळसडा (प्रश्न)

नमस्कार. मुलांसाठीच्या एका दिवाळी अंकाकरिता मी एका कल्पित प्राण्याचा निसर्गेतिहास लिहीत आहे. त्याचे नाव मी ‘खडपी’ ठेवले आहे, कारण तो रत्नागिरी जिल्ह्याच्या दक्षिणेकडील किनाऱ्यावर, खाली खडप (ओहोटीला उघडा पडणारा खडकाळ पट्टा) आणि वर जांभ्याचा सडा (सपाट माथा) अशा कड्यांवर राहतो. मला परीकथा लिहायची नाही. एखाद्या पक्षिनिरीक्षकाने टिपणवहीत लिहावे तसे हे वर्णन असावे आणि ते वाचून एखाद्या मुलाने सुट्टीत आजोळी गेल्यावर कड्याच्या टोकाशी बसून समुद्राकडे नीट पाहावे, एवढी इच्छा आहे.

आतापर्यंत ठरवलेले असे: खडपी मांजराएवढा आहे, त्याला चार पाय आणि पाठीवर दोन पंख आहेत, सर्वांग पिसांनी झाकलेले आहे. तो काटक्यांचे मोठे घरटे बांधतो, श्रावणात तीन-चार अंडी घालतो, मासे खातो आणि पिल्ले मोठी होईपर्यंत घरट्यातच राहतात. चित्रकार मित्राने पहिले चित्र काढून दिले आहे आणि ते देखणे आहे, पण मला ते खरे वाटत नाही. काय चुकते आहे हे जाणकारांनी सांगावे. कल्पिताला कल्पित म्हणून सूट देऊ नये, ही विनंती.

पाणकावळा

आपण सूट नको म्हटले आहे, म्हणून सर्वांत मोठ्या अडचणीपासून सुरुवात करतो. चार पाय आणि शिवाय दोन पंख म्हणजे सहा अवयव झाले. मासे, बेडूक, सरडे, पक्षी, माणूस या सगळ्या पाठीचा कणा असलेल्या प्राण्यांचा आराखडा चार अवयवांचा आहे. पक्ष्याचा पंख म्हणजे त्याचा पुढचा पायच, आणि वटवाघळाचा पंख म्हणजे त्याचा हात. आपल्या गडांच्या दरवाजांवर कोरलेल्या शरभाला हा नियम लागू नाही, कारण त्याला अंडे उबवायचे नाही आणि पिल्लू भरवायचे नाही. खडपीला ते करायचे आहे.

पिसे असलेला आणि तरीही चारही अवयव वापरणारा प्राणी हवाच असेल, तर निसर्गाने तो एकदा घडवलेला आहे. चीनमधील लिआओनिंग प्रांतात सुमारे १२ कोटी वर्षांपूर्वीच्या खडकांत मायक्रोरॅप्टर नावाचा कावळ्याएवढा डायनोसॉर सापडतो. त्याच्या हातांवर आणि पायांवरही उड्डाणाची लांब पिसे होती, हे २००३ साली प्रसिद्ध झालेल्या वर्णनातून जगाला कळले. पुढे २०१२ साली पिसांमधील रंगकणांच्या अभ्यासावरून ती काळी आणि चमकदार असावीत, असे दिसून आले. एका नमुन्याच्या पोटात माशाचे अवशेषही मिळाले आहेत. तेव्हा आपल्या खडपीला पूर्वज हवा असेल तर तो या घराण्याच्या आसपास शोधावा. पुढचे दोन अवयव पंख होतील, त्यांच्या सांध्यावर नख्या राहतील, आणि मागचे दोन पाय चालण्यासाठी व कड्याला धरण्यासाठी उरतील.

नख्यांबद्दल एक जिवंत उदाहरणही आहे. दक्षिण अमेरिकेतील होॲत्झिन या पक्ष्याच्या पिल्लाला प्रत्येक पंखावर दोन नख्या असतात. धोका दिसला की पिल्लू फांदीवरून खाली पाण्यात पडते, पोहते आणि नख्यांच्या आधाराने परत झाडावर चढते. मोठे झाल्यावर त्या नख्या राहत नाहीत. खडपीला मरेपर्यंत नख्या ठेवण्यापेक्षा पिल्लालाच दिल्या, तर तो अधिक विश्वासार्ह होईल, असे मला वाटते.

दूरदेशी

मी गेली काही वर्षे स्कॉटलंडमध्ये राहतो आणि दर उन्हाळ्यात समुद्रकड्यांवरील पक्षी पाहायला जातो. प्रश्न वाचल्यापासून एकच सांगावेसे वाटते आहे: आधी प्राणी ठरवून मग त्याला कड्यावर नेऊन बसवू नका. कड्यालाच विचारा. अंडे कुठे ठेवायचे, पिल्लू पडले तर काय होईल आणि मासा किती दूर आहे, या तीन प्रश्नांची उत्तरे मिळाली की चोचीपासून शेपटीपर्यंत बहुतेक गोष्टी आपोआप ठरतात.

इथल्या कड्यांवर त्याची दोन परस्परविरुद्ध उत्तरे शेजारी शेजारी पाहायला मिळतात. किटिवेक हा कुरवांच्या कुळातला लहान पक्षी जवळजवळ उभ्या कड्यावर, हाताच्या तळव्याएवढ्या कंगोऱ्यावर, चिखल आणि समुद्रगवत लिंपून वाटीसारखे घरटे करतो. एस्थर कलन यांनी १९५७ साली या पक्ष्यावर जो अभ्यास प्रसिद्ध केला, त्यात एका जागेच्या निवडीने संपूर्ण वागणूक कशी बदलते हे इतके स्वच्छ मांडले आहे की कल्पित प्राणी घडवणाऱ्या प्रत्येकाने त्याचा विचार करावा. जमिनीवर घरटे करणाऱ्या कुरवांची पिल्ले संकट येताच पळून गवतात लपतात. किटिवेकचे पिल्लू जागचे हलत नाही, कारण हलणे म्हणजे मरणे. कुरव आपले पिल्लू ओळखायला लवकर शिकतात. किटिवेकला सुरुवातीचे काही आठवडे ते ओळखता येत नाही आणि गरजही पडत नाही, कारण त्याच्या घरट्यात दुसऱ्याचे पिल्लू येणारच कसे? इतर कुरव फुटलेली टरफले घरट्यातून उचलून दूर टाकतात, कारण टरफलाचा पांढरा आतला भाग शत्रूच्या नजरेत भरतो. किटिवेक ती काळजी घेत नाही, त्याच्यासाठी कडाच पहारा देतो.

त्याच कड्यावर दोन हात पलीकडे गिलमॉट नावाचे समुद्रपक्षी असतात. ते घरटे बांधतच नाहीत. उघड्या खडकावर एकच अंडे, आणि दाटी इतकी की एका चौरस मीटरमध्ये वीस जोड्याही मावतात. प्रत्येक मादीच्या अंड्याचा रंग आणि त्यावरील रेघोट्या वेगळ्या असतात, त्यामुळे गर्दीतही आपले अंडे ओळखता येते. अंडे एका टोकाला निमुळते असते, ते घरंगळले तर गोल फिरून जागेवरच राहावे म्हणून. पिल्लू जेमतेम तीन आठवड्यांचे आणि मोठ्या पक्ष्याच्या पाव वजनाचे झाले, की उडता येत नसतानाच संध्याकाळी कड्यावरून उडी मारते. खाली पाण्यात बाप हाका मारत असतो. त्यानंतर आई नव्हे, बाप पिल्लाला घेऊन खोल समुद्रात जातो आणि दोन-एक महिने त्याला भरवतो. मी पहिल्यांदा ही उडी पाहिली तेव्हा शेजारी उभ्या असलेल्या अनोळखी बाईंचा हात घट्ट धरला होता. त्याही रडत होत्या.

हे असे का घडते, हे महत्त्वाचे आहे. गिलमॉटचे पंख आखूड असतात, कारण तो त्यांचाच वल्ह्यासारखा उपयोग करून पाण्याखाली खोल जातो. पाण्यात सोयीचा पंख हवेत महागात पडतो. त्यातच तो एका खेपेला चोचीत एकच मासा आणू शकतो. पिल्लू वाढत गेले की अशा खेपा पुरेनाशा होतात, म्हणून मासा पिल्लाकडे आणण्याऐवजी पिल्लालाच माशांकडे नेले जाते. आता आपल्या खडपीकडे पाहा. तो मांजराएवढा जड असेल तर हवेत बेताचाच उडेल. म्हणजे खेपा कमी, अंडे एक आणि पिल्लू लवकर समुद्रात. तीन-चार अंडी आणि घरट्यात मोठी होणारी पिल्ले ही चैन त्याला परवडणार नाही.

शिंपला

दूरदेशी यांच्या प्रतिसादाशी मी सहमत आहे, फक्त एक दुरुस्ती सुचवते. गिलमॉटचे अंडे गोल फिरण्यासाठी निमुळते असते, हे स्पष्टीकरण खूप जुने आणि लोकप्रिय आहे, पण पक्षिशास्त्रज्ञ टिम बर्कहेड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी केलेल्या प्रयोगांनंतर ते तसेच्या तसे स्वीकारता येत नाही. त्या आकारामुळे अंड्याची लांब, सपाटसर बाजू खडकाला टेकते आणि उतारावरही अंडे मुळात घरंगळतच नाही, असा त्यांचा २०१८ सालचा निष्कर्ष आहे. घरंगळलेले अंडे सावरणे आणि अंडे घरंगळू न देणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. मुलांसाठी लिहिताना हा फरक सांगितला तर त्यांना आनंदच होईल. स्वयंपाकघरातून एक अंडे आणि एक पेर घेऊन तिरप्या पाटावर ठेवून पाहता येईल.

पाणकावळा

शिंपला यांचे म्हणणे बरोबर आहे, मीही ते जुनेच स्पष्टीकरण धरून होतो. आणखी एक गोष्ट राहिली. खडपी समुद्राचे पाणी पितो आणि खारे मासे खातो, म्हणून त्याला डोळ्यांच्या वर मीठग्रंथी हव्यात. समुद्रपक्ष्यांमध्ये त्या रक्तातील जादा मीठ वेचून समुद्राच्या पाण्याहूनही खारट थेंबांच्या रूपाने नाकपुड्यांवाटे बाहेर टाकतात. चित्रकाराला चोचीच्या टोकाशी एक थेंब काढायला सांगा, एवढ्याने चित्र जिवंत होईल.

उधाण

माझे घर समुद्रावर आहे, लहानपण खडपात कालवे काढण्यात गेले आणि पुढे पक्ष्यांची आवड लागली. वरचे सगळे प्रतिसाद उत्तम आहेत, पण ते उत्तरेकडच्या थंड समुद्राचे आहेत. आपला कडा वेगळा आहे. त्याबद्दल थोडे सविस्तर लिहितो.

पहिली गोष्ट पाऊस. आपण खडपीला श्रावणात अंडी घालायला लावली आहेत. जून ते सप्टेंबर हा समुद्र कोणाला जवळ येऊ देत नाही. यांत्रिक होड्यांची मासेमारी १ जून ते ३१ जुलै बंद असते, आणि पूर्वापार रीतीने नारळी पौर्णिमेला नारळ अर्पण केल्यावरच होड्या पाण्यात लोटल्या जातात. या काळात एरवी भर समुद्रात राहणारे बूबीसारखे दणकट पक्षीसुद्धा वादळाने थकून आपल्या किनाऱ्यावर येऊन पडलेले मिळतात. लाटांचे तुषार कड्याच्या माथ्यापर्यंत जातात आणि जांभा पाणी पिऊन पिऊन झिरपू लागतो. अशा दिवसांत उघड्या कंगोऱ्यावर अंडे टिकणार नाही. पावसाने खवळलेला समुद्र शांत झाला, तारली आणि बांगडे किनाऱ्याजवळ आले, की मग खडपीने अंडे घालावे. कार्तिकात अंडे, मार्गशीर्षात पिल्लू, पौषात उडी हे वेळापत्रक मला पटते. कोकणातला समुद्र गरुडही साधारण ऑक्टोबरपासून घरट्याच्या कामाला लागतो, म्हणजे त्याच काळात आकाशात खडपीचा शत्रूही आहे. गोष्टीला तेही हवेच.

दुसरी गोष्ट ऊन. उत्तरेकडे अंडे ऊबदार ठेवणे ही चिंता असते, आपल्याकडे ते शिजू न देणे ही चिंता आहे. डिसेंबरातही दुपारचा कातळ अनवाणी पायाला सोसवत नाही. इथे खडपीने टिटवीकडून शिकावे. टिटवी कडक उन्हात पाण्यावर जाऊन पोटाची पिसे भिजवते आणि परत येऊन अंड्यांवर बसते. खडपीची जोडी दुपारी आळीपाळीने समुद्रात पोट भिजवून येते, असे लिहिले तर ते कोकणातल्या कोणत्याही मुलाला ताबडतोब खरे वाटेल. यातून आणखी एक निघते: ज्याला सारखे पोट भिजवायचे आहे त्याची पोटाची पिसे पाणी धरणारी हवीत आणि पाठीची पिसे शेपटीजवळच्या तेलग्रंथीने माखलेली, पाणी झटकणारी हवीत. दोन्हीकडची पिसे सारखी काढू नका.

तिसरी गोष्ट, जी मला सर्वांत महत्त्वाची वाटते, ती म्हणजे उडीची वेळ. गिलमॉटच्या कड्याखाली बहुतेक ठिकाणी थेट पाणी असते. आपल्या कड्याखाली खडप असते, आणि ओहोटीला ते दूरवर उघडे पडते. पिल्लू पडल्याने मरणार नाही, कारण हलक्या, पिसांनी फुगलेल्या शरीराला पडताना हवाच अडवते. ग्रीनलंडमधील बार्नेकल हंसांची दोन-तीन दिवसांची पिल्ले उंच कड्यावरून खडकांवर पडतात आणि त्यांतली बरीच उठून चालू लागतात. पण पडल्यावर कालवांच्या धारदार शिंपल्यांवरून पाण्यापर्यंत पोहोचायचे आहे, आणि वाटेत कुर्ल्या, मुंगूस, कावळे सगळे आहेत. म्हणून खडपीचे पिल्लू भरतीला, तेही उधाणाच्या भरतीला उडी मारेल.

भरतीची वेळ काढण्याचा आमच्याकडचा हिशोब असा आहे की तिथीची पाऊणपट करावी. चतुर्थीला तीनच्या सुमारास, अष्टमीला सहाच्या सुमारास, आणि पौर्णिमेला किंवा अमावास्येला सव्वाअकराच्या सुमारास पूर्ण भरती, एकदा दिवसा आणि एकदा रात्री. उधाण येते तेही याच दोन तिथींच्या आसपास. पौर्णिमेच्या चांदण्यात घुबड पिल्लू टिपेल, म्हणून उरली अमावास्या. पौषातल्या अमावास्येला रात्री अकराच्या पुढे, पाणी कड्याच्या पायाला लागलेले असताना, एका कड्यावरची सगळी पिल्ले तास-दोन तासांत उतरतात. एकदम उतरल्याने खाणाऱ्यांचे पोट भरते आणि बाकीची सुटतात. ज्यांचा नेम चुकतो आणि जी खडपावर पडतात, त्यांना पाणकावळा यांनी सांगितलेल्या पंखांच्या नख्या उपयोगी पडतील. वर चढण्यासाठी नाही, शिंपल्यांवरून पाण्याकडे सरपटण्यासाठी.

कड्यावर चढून येणारा शत्रू म्हणून घोरपड घ्या. तिला बाहेरून आणायची गरज नाही, ती तिथे आहेच. पूर्ण वाढलेल्या खडपीला तिच्याविरुद्ध एक शस्त्र हवे असेल, तर ते उत्तरेकडच्या फुलमार या समुद्रपक्ष्याकडून उसने घ्यावे. तो जवळ येणाऱ्यावर पोटातले दुर्गंधी तेल नेमके थुंकतो, आणि शिकारी पक्ष्याची पिसे त्या तेलाने चिकटून निकामी होतात. मात्र घोरपडीला पिसे नाहीत, तेव्हा तिच्यावर त्याचा कितपत परिणाम व्हावा याचा विचार आपण करावा. माझ्या मते खडपीने घोरपडीपुढे हरावे. ज्या कपारीपर्यंत घोरपड पोहोचते तिथे खडपी अंडे घालत नाही, एवढे पुरे.

कातळसडा

सर्वांचे मनापासून आभार. उधाण यांचा प्रतिसाद मी वडिलांना वाचून दाखवला. त्यांनी पंचांग काढून पौष अमावास्येची तारीख पाहिली आणि त्या रात्री आपण दोघांनी कड्यावर जाऊन बसायचे, असे ठरवून टाकले.

दोन शंका आहेत. एक, पावसाळ्यात खडपी जातो कुठे? दुसरी, माझ्या मसुद्यात कडा विष्ठेने पांढराशुभ्र झालेला आहे आणि गावकरी ती खणून कलमांना खत म्हणून घालतात. हे ठेवावे का?

शिंपला

दुसऱ्या शंकेचे उत्तर आधी देते. पांढरा कडा ठेवा, पण फक्त मार्गशीर्ष-पौषात. खणण्याइतकी विष्ठा साचायला पाऊस न पडणारा प्रदेश लागतो. पेरूच्या किनाऱ्यावरील चिंचा बेटांवर पाणकावळे आणि बूबी यांच्या विष्ठेचे कित्येक मीटर जाडीचे थर साचले होते, कारण तिथे जवळजवळ पाऊसच पडत नाही. एकोणिसाव्या शतकात त्या खतावर मोठा व्यापार उभा राहिला. आपल्याकडे मृगाचा पहिला जोरदार पाऊस पडला की कडा धुतला जाईल. ते सगळे खत खडपात उतरेल आणि तिथल्या शेवाळाला मिळेल. गावकऱ्यांच्या खताऐवजी, खडपीच्या कड्याखाली शेवाळ अधिक दाट असते आणि म्हणून तिथे कालवे काढायला जाणाऱ्या बायका ती जागा ओळखतात, असे लिहिता येईल.

पहिल्या शंकेसाठी नकाशा पाहावा. नैर्ऋत्य मोसमी वाऱ्यांच्या काळात केरळ आणि कर्नाटकाच्या किनाऱ्याजवळ खालचे थंड, पोषक पाणी वर येते आणि तिथे माशांना भरपूर खाद्य मिळते. उत्तरेकडे याचा जोर कमी होत जातो. खडपीने पिसे झाडण्याचा काळ फाल्गुन-चैत्राच्या शांत समुद्रात उरकावा, कारण गिलमॉटप्रमाणे त्याची उड्डाणाची सगळी पिसे एकदम गळत असतील तर काही आठवडे तो उडू शकणार नाही. नवी पिसे आली की पावसाच्या आधी त्याने दक्षिणेला सरकावे आणि दसऱ्याच्या सुमारास परत यावे.

एक विनंतीही आहे. खडपीच्या शेजारी खरे प्राणीही असू द्या. वेंगुर्ल्याजवळच्या समुद्रातील खडकाळ बेटांवरच्या गुहांमध्ये पाकोळ्या आपल्या लाळेने भिंतीला घरटी चिकटवतात आणि अंधारात टकटक आवाज करून त्याच्या प्रतिध्वनीवरून वाट काढतात. तो आवाज माणसाच्या कानालाही ऐकू येतो. पक्षिशास्त्रज्ञ हुमायून अब्दुलअली यांनी १९४० च्या दशकातच या बेटांवरील पाकोळ्या आणि सुरय पक्ष्यांबद्दल लिहून ठेवले आहे. हीच घरटी चोरून विकली जात होती, आणि ती वाचवण्यासाठी चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र या संस्थेला खूप कष्ट घ्यावे लागले. खडपी वाचून मुलाने कड्याशी जाऊन बसावे असे आपण म्हणता, तर तिथे त्याला खरोखर काय दिसेल हेही त्या लेखात असावे, असे मला कळकळीने वाटते.

कातळसडा

पाकोळ्या, टिटवी, समुद्र गरुड आणि घोरपड हे चौघेही लेखात येतील. आज नव्याने लिहिलेला उतारा इथे देतो:

‘खडपी दसऱ्यानंतर एकेकटा येतो. त्याची पाठ काळी आणि पोट पांढरे असते. पंखांची टोके काळीच असतात, कारण काळी पिसे वाऱ्याने आणि खडकाने लवकर झिजत नाहीत. कार्तिकात मादी घोरपडीच्या पोहोचेबाहेरच्या कपारीत, उघड्या जांभ्यावर, एकच अंडे घालते. अंड्याचा रंग जांभ्यासारखाच तांबूस असतो, पण प्रत्येकावरच्या रेघोट्या निराळ्या. दुपारी नर आणि मादी पाळीपाळीने समुद्रावर जाऊन पोट भिजवून येतात. पौषातल्या अमावास्येला पाणी कड्याला लागले की नर आधी उतरतो.’

इथे थांबलो आहे. अमावास्येच्या अंधारात, उधाणाच्या आवाजात, पिल्लाला आपल्या बापाची हाक कशी ओळखू येते?

दूरदेशी

गिलमॉटचे पिल्लू अंड्यात असतानाच आई-बापांचे आवाज शिकते. अंडे फुटण्याच्या आधीचे काही दिवस आतून पिल्लू आणि बाहेरून पालक एकमेकांना साद देत असतात, त्यामुळे बाहेर येते तेव्हा त्याला आपली माणसे ठाऊक असतात. लाटांच्या गजराचे उत्तर राजा पेंग्विनकडे आहे: वारा वाढला की तो अधिक मोठ्याने ओरडण्यापेक्षा तीच हाक जास्त वेळा देतो. लाटेचा आवाज बराचसा खर्जातला असतो, म्हणून खडपीची हाक बारीक आणि वरच्या पट्टीतली असावी. दोन लाटांच्या मधल्या शांततेत त्याने तीच हाक पुन्हा पुन्हा द्यावी आणि वरून उत्तर येईपर्यंत पाण्यातली जागा सोडू नये.

उधाण

लाटा मोजताना आम्ही लहानपणी मोठी लाट ओसरायची वाट पाहत असू, कारण त्यानंतर क्षणभर पाणी सपाट आणि गप्प होते. पिल्लू त्याच क्षणी उडी मारते, असे लिहावे.